दाखल्यावर शंका आहे म्हणून दोषारोपपत्र देता येतं का?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मला नीट कळलाय की नाही ते तुम्हालाही दिसेल. जिल्हा परिषदेत २०१० साली अनुसूचित जमातीच्या जागेवर लागलेला एक कनिष्ठ सहायक. दाखला 'ठाकूर' जमातीचा, उपविभागीय अधिकाऱ्यांच्या सहीचा. वैधता प्रमाणपत्र, म्हणजे पडताळणी समितीने दाखला तपासून दिलेली मान्यता, आजतागायत नाही. आता त्याच्याच खात्यातल्या एकाने लेखी तक्रार दिली आहे की हा आदिवासी नाहीच, आणि आजोबांच्या शाळेचा 'हिंदू ठाकूर' असा उतारा सोबत जोडलाय. वरून तोंडी निरोप आलाय : निलंबनाचा प्रस्ताव आणि दोषारोपपत्राचा मसुदा सोमवारी टेबलावर हवा. तुम्ही विचारलंय की 'खोटे जात प्रमाणपत्र सादर करून नोकरी मिळवली' एवढी एकच बाब (म्हणजे आरोप) घेतली तर चालेल का, आणि चौकशी किती दिवसांत संपेल.

एक बाब घेऊन चालणार नाही. आणि ती बाब जशी लिहिली आहे तशी तर अजिबात नाही.

मी आयुष्यभर आस्थापनेच्याच टेबलावर बसलो. निवृत्तीनंतर विभागीय चौकश्यांच्या पॅनेलवर आहे, त्यामुळे आता इतरांनी तयार केलेली दोषारोपपत्रं वाचायला मिळतात. तुमची फाइल मी पाहिलेली नाही. नियुक्ती आदेशातली अट काय होती, बिंदुनामावलीत (कोणती जागा कुणासाठी राखीव त्या नोंदवहीत) त्याचा बिंदू कोणता, प्रस्ताव कधी समितीकडे गेला होता का, यावर उत्तर बदलू शकतं. जिथे बदलेल तिथे तसं सांगतो.

मुळात इथे दोन प्रश्न एकाच फाइलीत घुसलेत. पहिला : हा माणूस ठाकूर जमातीचा आहे की नाही? दुसरा : या कर्मचाऱ्याने कर्मचारी म्हणून काही गैरवर्तन केलं आहे की नाही? पहिल्याचं उत्तर द्यायचा अधिकार ना तुम्हाला, ना मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांना, ना माझ्यासारख्या चौकशी अधिकाऱ्याला. तो फक्त जात पडताळणी समितीला. दुसऱ्याचं उत्तर देणं मात्र तुमचंच काम. तुमचा मसुदा दुसऱ्याच्या नावाखाली पहिला प्रश्न सोडवायला निघालाय, आणि अशी चौकशी हमखास कोसळते.

कशी कोसळते ते मी स्वतः पाहिलंय. पडताळणीचा कायदा नवा होता तेव्हाची गोष्ट. एका कार्यालयात अशाच तक्रारीवरून चौकशी लागली आणि सादरकर्ता अधिकारी, म्हणजे कार्यालयाची बाजू मांडणारा, म्हणून माझं नाव आलं. आम्ही गावच्या शाळेच्या मुख्याध्यापकांना साक्षीला बोलावलं. ते प्रवेश-निर्गम रजिस्टर कापडात गुंडाळून घेऊन आले. जातीच्या रकान्यात एका शब्दाशेजारी दुसरा शब्द कोंबलेला, शाई निराळी. मला वाटलं, झालं काम. कर्मचाऱ्याच्या बचाव सहायकाने उलटतपासणीत एवढंच विचारलं, "गुरुजी, हा दुसरा शब्द कोणी लिहिला आणि कधी?" गुरुजी म्हणाले, "मी तेव्हा जन्मलोही नव्हतो." चौकशी अधिकाऱ्यांनी तरी दोष सिद्ध धरला, कार्यालयाने बडतर्फ केलं. उच्च न्यायालयात ते टिकलं नाही. जातीचा दावा समितीकडे न पाठवता तुम्ही ठरवलात कसा, हा पहिलाच प्रश्न होता आणि आमच्याकडे उत्तर नव्हतं. त्याला परत घ्यावं लागलं, मधल्या काळाचा पगार द्यावा लागला. पुढे समितीने त्याचा दावा वैध ठरवला. वडिलांच्या चुलत्याची खूप जुनी, स्वच्छ नोंद निघाली होती. आम्ही ती शोधलीच नव्हती, कारण ती शोधणं आमचं कामच नव्हतं.

आता यामागचा कायदा. १९९४ साली माधुरी पाटील प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने दाखला देण्याची आणि तपासण्याची पद्धत घालून दिली : छाननी समिती, तिच्या हाताशी दक्षता पथक, गावी जाऊन चौकशी, अहवाल विरोधात गेला तर तो अर्जदाराला देऊन त्याचं म्हणणं ऐकणं. महाराष्ट्राने त्यावर स्वतंत्र कायदा केला. त्याचं नाव भलतं लांब आहे, आपण पडताळणी कायदाच म्हणू. २००१ चा महाराष्ट्र अधिनियम क्रमांक २३, अंमल १८ ऑक्टोबर २००१ पासून. खोटा दाखला रद्द आणि जप्त करायचा अधिकार त्यातल्या कलम ७ ने समितीला दिला. समितीचा आदेश अंतिम, त्याला आव्हान फक्त उच्च न्यायालयात. दिवाणी न्यायालयालाही यात हात घालता येत नाही, मग विभागीय चौकशी कुठे बसते ते तुम्हीच बघा.

पण अधिकाराचा मुद्दा बाजूला ठेवला तरी एक व्यवहाराची गोष्ट आहे, आणि ती फार थोड्यांच्या लक्षात येते. कलम ८ वाचा. समितीपुढे आपण त्या जातीचे किंवा जमातीचे आहोत हे सिद्ध करायची जबाबदारी दावा करणाऱ्यावर आहे. विभागीय चौकशीत उलट असतं. तिथे आरोप तुमचा, म्हणून सिद्धही तुम्हीच करायचा. म्हणजे समितीकडे त्याला 'मी ठाकूर आहे' हे दाखवावं लागेल, आणि तुमच्या चौकशीत तुम्हाला 'हा ठाकूर नाही' हे दाखवावं लागेल. कायद्याने त्याच्या डोक्यावर ठेवलेलं ओझं तुम्ही उचलून स्वतःच्या डोक्यावर कशाला घेता?

तेव्हा सोमवारच्या आधी काय तपासायचं ते सांगतो.

सगळ्यात आधी दाखला खरोखर दिला गेला होता का. दाखल्यावरचा क्रमांक आणि तारीख घेऊन उपविभागीय अधिकारी कार्यालयाला पत्र द्या आणि त्यांच्या नोंदवहीशी पडताळून लेखी उत्तर मागा. शक्य असेल तर माणूस पाठवा, कारण पत्राचं उत्तर महिनोन्महिने येत नाही. तो क्रमांक त्या नोंदवहीत दुसऱ्याच कुणाच्या नावावर निघाला, किंवा त्या तारखेला सही करणारा अधिकारी तिथे नव्हताच असं निघालं, तर प्रकरणाचा रंग बदलतो. मग प्रश्न जातीचा उरत नाही, बनावट कागदाचा होतो. तो माणूस जन्माने अस्सल ठाकूर असला तरी बनावट कागद हे गैरवर्तनच, आणि त्यासाठी समितीची वाट पाहायची गरज नाही. दोषारोपपत्र देता येतं, पोलिसांत तक्रारही करता येते. नोंद बरोबर निघाली तर मात्र 'खोटा दाखला' हे शब्द फाइलीत कुठेही लिहू नका. सक्षम अधिकाऱ्याने दिलेला दाखला रद्द होईपर्यंत दाखलाच असतो. तक्रारदाराने 'खोटा' म्हटलं म्हणून टिप्पणीतही तोच शब्द उतरतो, आणि पुढे कर्मचाऱ्याचा वकील तेच पान न्यायालयात उघडून दाखवतो की बघा, यांनी आधीच ठरवून टाकलं होतं.

दुसरं, बिंदुनामावली आणि निवड यादी काढा. तो जमातीच्याच बिंदूवर लागला ना? हसू नका. अर्जात जमात लिहिली पण गुणांवर खुल्या जागेत निवड झाली, अशी माणसं असतात. वयाची किंवा शुल्काची सवलत घेतली होती का, तेही बघा. कलम १० चा दणका (दावा अवैध ठरला की नोकरी संपते तो) राखीव जागेवर मिळवलेल्या नियुक्तीला आहे. नियुक्ती खुल्या जागेवरची आणि नंतरची फक्त पदोन्नती राखीव बिंदूवरची असेल, तर हिशेब निराळा होतो आणि प्रश्न त्या पदोन्नतीपुरता उरतो.

तिसरी तपासणी अवघड जागेचं दुखणं आहे : तुमच्याच कार्यालयाने काय केलं? कलम ६ नुसार उमेदवाराने अर्ज करायचा, तसाच निवड झालेल्याकडे वैधता नसेल तर नियुक्ती प्राधिकाऱ्यानेही समितीकडे जायचं आहे. २०१० पासूनची जावक नोंदवही काढा. प्रस्ताव गेला होता का? समितीने त्रुटी काढून परत पाठवला होता का? ते पत्र कर्मचाऱ्याला दिल्याची त्याची सही आहे का? माझ्या अनुभवात दहातल्या सात फाइलींमध्ये समितीचं त्रुटीपत्र आपल्याच कपाटात सापडतं, कर्मचाऱ्याला ते मिळालेलंच नसतं. तसं असेल तर 'वैधता सादर केली नाही' हा आरोप तुमच्यावरच उलटेल. आपली चूक झाकायला म्हणून कुणाच्या नावाने दोषारोपपत्र काढलं गेल्याचं मी एकदा नाही, अनेकदा पाहिलंय.

हे तपासून झालं की प्रस्ताव समितीकडे पाठवा, आणि तक्रार तिच्या जोडपत्रांसह सोबत लावा. प्रकरण अनुसूचित जमातीचं असल्यामुळे ते समाजकल्याणच्या जिल्हा समितीकडे नव्हे, आदिवासी विकास विभागाच्या अनुसूचित जमाती प्रमाणपत्र तपासणी समितीकडे जातं. चुकीच्या समितीकडे जाऊन वर्ष फुकट गेलेले प्रस्ताव मी पाहिलेत. तक्रारीवर तुमचं मत देऊ नका. 'प्राप्त तक्रार योग्य त्या निर्णयासाठी सोबत सादर' एवढंच लिहा.

आता त्या 'हिंदू ठाकूर' उताऱ्याबद्दल, कारण तक्रारदाराला तोच हुकमाचा एक्का वाटतोय, आणि तुमच्या पत्राचा सूर पाहता तुम्हालाही. नुसत्या त्या दोन शब्दांवरून काहीच ठरत नाही. गुरुजींनी धर्माच्या आणि जातीच्या रकान्यात सरसकट 'हिंदू' पुढे लावून लिहिण्याची पद्धत होती. अनुसूचित जमातीला धर्माची अटही नाही. अडचण निराळी आहे. 'ठाकूर' हे नाव डोंगरातल्या क ठाकूर, म ठाकूर जमातींचंही आहे, आणि ज्यांचा जमातीशी काडीचा संबंध नाही अशा समाजांतही ते चालतं. त्यामुळे नुसतं नाव जुळलं म्हणून दावा खरा ठरत नाही, तसाच पुढे 'हिंदू' आहे म्हणून खोटाही ठरत नाही. शिवाय १९७६ च्या दुरुस्ती कायद्यापर्यंत ठाकूर जमातीला जमात म्हणून मान्यता होती ती नगर, कुलाबा, नाशिक, पुणे, ठाणे या जिल्ह्यांतल्या ठराविक तालुक्यांपुरती. ती क्षेत्राची मर्यादा गेल्यावर इतर भागांतले दावे पुढे आले. खरे बाहेर आले, आणि नावाचा फायदा घेणारेही त्यांच्यासोबत आले. ही गुंतागुंत सोडवायला समितीकडे दक्षता पथक असतं, संशोधन अधिकारी असतो. आपल्याकडे काय असतं? एक फाइल आणि एक तक्रार.

समिती काय बघते तेही सांगतो, म्हणजे प्रस्तावात काय लागेल ते कळेल. जमातीसाठी महत्त्वाची तारीख ६ सप्टेंबर १९५०. त्याआधीच्या नोंदींना सगळ्यात जास्त वजन, कारण तेव्हा या नोंदीचा कुणाला काही फायदा नव्हता. म्हणून वडील, आजोबा, पणजोबा, चुलते यांचे शाळेचे निर्गम उतारे, जन्म-मृत्यूच्या नोंदीसाठी गाव नमुना १४ किंवा कोतवाल बुकाची नक्कल, आणि या सगळ्यांना एका दोरीत ओवणारी शपथपत्रावरची वंशावळ. जुनी नोंद मोडीत असेल तर तिचं लिप्यंतर लागतं. रक्ताच्या नात्यातल्या कुणाला आधीच वैधता मिळाली असेल तर तो फार मोठा पुरावा. ती वैधता लबाडीने मिळवलेली नसेल तर समितीला ती सहजी बाजूला सारता येत नाही, असं मुंबई उच्च न्यायालयाने अनेकदा सांगितलंय. त्या कर्मचाऱ्याला हे विचारा तरी. बऱ्याच वेळा चुलतभावाकडे वैधता असते आणि भावकीतल्या भांडणामुळे हा ती मागायला जात नाही.

आप्तभाव चाचणीबद्दल कार्यालयांत बरेच गैरसमज आहेत. लग्नातले विधी कोणते, कुलदैवत कोणतं, मयताला काय करता, बोली येते का, असे प्रश्न विचारून माणूस जमातीतला वाटतो का ते बघतात. दोन पिढ्या शहरात काढलेल्या माणसाला यातलं निम्मं येत नाही, म्हणून तो खोटा ठरत नाही. सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये हे सांगितलं होतं, आणि २४ मार्च २०२३ रोजी तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ठाकूर समाजाच्याच एका संस्थेच्या प्रकरणात पुन्हा स्पष्ट केलं की ही चाचणी अंतिम कसोटी नाही. कागदपत्रांवर समितीचं समाधान झालं तर प्रत्येक प्रकरण दक्षता पथकाकडे पाठवणंही सक्तीचं नाही. तुमच्या साहेबांनी 'त्याला त्यांची भाषा तरी येते का विचारा' असं म्हटल्याचं तुम्ही लिहिलंय. तो प्रश्न कार्यालयात कुणीही विचारायचा नाही. माणूस खरंच जमातीचा असला तर चारचौघांतल्या त्या प्रश्नाचं अ‍ॅट्रॉसिटीत काय होऊ शकतं, ते साहेबांना शांतपणे सांगा.

मग शिस्तीचं काय? ती आहे, पण तिची जागा निराळी. जात ठरवल्याशिवाय सिद्ध करता येईल असं वर्तन असेल तर जरूर कारवाई करा. समजा, पडताळणीची कागदपत्रं सादर करा असं त्याला तीन वेळा लेखी कळवलं, पत्र मिळाल्याची त्याची सही आहे, समितीचं त्रुटीपत्रही पोचलं आहे आणि तरी तो हललेला नाही. तर बाब अशी लिहा : 'नियुक्ती आदेशातील अट क्रमांक अमुक व दिनांक अमुकची पत्रे प्राप्त होऊनही विहित मुदतीत पडताळणीची कागदपत्रे सादर न करून वरिष्ठांच्या लेखी आदेशाचा भंग केला.' यात जात कुठेच नाही. पत्रं आहेत, सह्या आहेत, मुदत आहे. अशी बाब दोन बैठकांत सिद्ध होते. तुमच्याकडे १९६४ चे जिल्हा सेवा शिस्त व अपील नियम लागतील. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला १९७९ चे नागरी सेवा नियम. तसंच, शाळेच्या दाखल्यात त्याने स्वतः खाडाखोड केल्याचा पुरावा असेल तर तीही स्वतंत्र बाब होते. मात्र 'त्यानेच केली' हे तुम्हाला दाखवावं लागेल. माझा गुरुजींचा प्रसंग आठवा.

निलंबन नको. यात निलंबनाने साधतं काय? पुरावे आहेत शाळेत आणि तहसिलात, त्याच्या टेबलावर नाहीत. तो आस्थापनेतच बसत असेल आणि स्वतःचं सेवापुस्तक त्याच्या हाताशी असेल तर टेबल बदला, पुरे. निलंबित केलंत तर पहिले तीन महिने अर्धपगारी रजेच्या वेतनाइतका निर्वाह भत्ता द्या, पुढे तो वाढवायचा विचार करा, आणि काम काही नाही. सर्वोच्च न्यायालयाच्या २०१५ च्या निकालानंतर राज्याचा ९ जुलै २०१९ चा शासन निर्णय आहे. ९० दिवसांत दोषारोपपत्र दिलं नाही तर निलंबन मागे घ्यावं लागतं. तुम्ही ९० दिवसांत जातीचा दोषारोप देऊ शकत नाही हे वर पाहिलंच. म्हणजे तीन महिने घरी बसवून पगार देऊन त्याला परत घ्यायचं.

समितीचा निर्णय आल्यावरचा भाग बहुतेकांना उलटा माहीत असतो. आधी चौकशी लावायची घाई, आणि अवैधतेचा आदेश हातात आल्यावर पुन्हा 'आता रीतसर विभागीय चौकशी लावू'. गरज नाही. दावा अवैध ठरला, दाखला रद्द झाला, तर कलम १० नुसार त्या राखीव जागेवरची नोकरी तत्काळ संपवायची आहे. केरळातल्या एका पोलीस अधिकाऱ्याच्या प्रकरणात २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने कारण दिलंय : नियुक्तीचा पायाच खोट्या दाखल्याचा, म्हणून नियुक्ती मुळातच शून्य, मग चौकशीशिवाय काढता येत नाही हे संविधानाच्या कलम ३११ चं संरक्षण कशाचं; बाजू मांडायची संधी समितीपुढे मिळालीच होती. म्हणून याला बडतर्फी म्हणू नका. ही शास्ती नाहीच. आदेशात 'कलम १० अन्वये सेवा समाप्त' एवढं लिहा.

तरी आदेश काढण्याआधी आठ-दहा दिवसांची एक छोटी नोटीस मी नेहमी देतो. जातीवर म्हणणं मागायला नव्हे. आदेश याच व्यक्तीचा आहे ना, नियुक्ती राखीव बिंदूवरची ना, आणि उच्च न्यायालयाची स्थगिती आहे का, एवढ्यापुरती. स्थगिती असताना सेवासमाप्तीचा आदेश गेला तर अवमानाच्या कारवाईत तुमचं नाव येतं, साहेबांचं नंतर.

'पण त्याची पंधरा वर्षं सेवा झाली, दाखला काही त्याने स्वतः छापला नव्हता, बापाने काढून दिला होता' हा युक्तिवाद येईल, आणि माणूस म्हणून तो मलाही लागतो. २०१७ पर्यंत त्याला न्यायालयात जागा होती. २००० सालच्या हलबा-कोष्टींच्या (हलबा जमातीचा दावा करणाऱ्या कोष्टी समाजाच्या) निकालात पाच न्यायमूर्तींनी दावा नाकारूनही अंतिम झालेल्या नियुक्त्यांना हात लावला नव्हता, आणि त्या धाग्यावर मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने २०१४ मध्ये बऱ्याच जणांच्या नोकऱ्यांना संरक्षण दिलं. ६ जुलै २०१७ रोजी भारतीय खाद्य निगमाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ते पुसून टाकलं. दीर्घ सेवा आणि प्रामाणिक समज यांच्या जोरावर राखीव जागा धरून ठेवता येत नाही. हेतू बघायचा तो फौजदारी खटल्यात, नोकरी जाण्याच्या प्रश्नात नाही. कठोर आहे खरं. पण त्या जागेवर जो खरा ठाकूर, खरा कातकरी लागू शकला असता त्याच्या बाजूने पाहिलं की तेवढं कठोर वाटत नाही.

त्यानंतर राज्याने २१ डिसेंबर २०१९ चा शासन निर्णय काढला : अशा कर्मचाऱ्यांना ११ महिन्यांसाठी अधिसंख्य, म्हणजे मंजूर पदांखेरीज तात्पुरत्या निर्माण केलेल्या, पदावर वर्ग करायचं आणि रिकाम्या झालेल्या जागा जमातीच्या उमेदवारांनी भरायच्या. पुढेही त्या विषयावर आदेश निघत गेले. तुमच्या माणसाला त्यातलं काय लागू होईल ते त्याची नियुक्ती कधीची आणि दावा कधी अवैध ठरला यावर आहे. तेव्हा कुणाच्या व्हॉट्सअ‍ॅपवरचा सारांश वाचून टिप्पणी लिहू नका, मूळ शासन निर्णय उघडा आणि सामान्य प्रशासनाचं मत घ्या. पगाराची वसुलीही स्वतःच्या डोक्याने लावू नका. कायद्यात वसुलीचं कलम आहे, पण काम करून घेतलेल्या वर्षांचा पगार हा निराळा वादाचा विषय आहे.

फौजदारीबाबत एकच गोष्ट लक्षात ठेवा. कलम ११ मध्ये सहा महिने ते दोन वर्षं सक्तमजुरीची तरतूद आहे. पण त्याची दखल न्यायालय घेतं ती समितीने, किंवा समितीने अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याने लेखी तक्रार केल्यावर. तुमच्या साहेबांना 'आजच गुन्हा दाखल करा' म्हणायची हौस असेल तर हे कलम समोर ठेवा.

केंद्र सरकारच्या कार्यालयातला कुणी हे वाचत असेल तर थोडा फरक आहे. तिथे १९ मे १९९३ च्या ज्ञापनाप्रमाणे खोट्या प्रमाणपत्रावर लागलेला परिवीक्षाधीन असेल तर कार्यमुक्त करायचं आणि कायम असेल तर केंद्रीय नागरी सेवा नियमांतल्या नियम १४ ची रीतसर विभागीय चौकशी करायची अशी पद्धत आहे. तरीही महाराष्ट्रात दिलेल्या दाखल्याची जात ठरवायला तिथली फाइलही शेवटी समितीकडेच येते.

आणि दावा वैध ठरला तर? हे कुणी विचारतच नाही. वैधता प्रमाणपत्र आलं की समितीला पत्र पाठवून ते त्यांनीच दिलंय याची खात्री करा, कारण बनावट वैधता प्रमाणपत्रंही निघालेली आहेत. मग सेवापुस्तकात नोंद घ्या, तक्रार निकाली काढल्याचं तक्रारदाराला आणि त्या कर्मचाऱ्यालाही लेखी कळवा. माणूस वर्ष-दोन वर्षं सहकाऱ्यांच्या नजरा झेलतो आणि शेवटी त्याला कुणी साधं पत्रही देत नाही. पुन्हा तीच तक्रार नव्या सहीने आली तर फाइल उघडू नका, तक्रार समितीकडे पाठवून द्या.

थोडक्यात सोमवारच्या टिप्पणीत चारच गोष्टी येऊ द्या : दाखल्याची नोंद उपविभागीय अधिकारी कार्यालयातून पडताळून घेण्याचं पत्र, बिंदुनामावलीतली स्थिती, कर्मचाऱ्याला कागदपत्रांसाठी पंधरा दिवसांची नोटीस, आणि तक्रारीसह प्रस्ताव तपासणी समितीकडे. निलंबनाचा प्रस्ताव तूर्त आवश्यक नाही असं कारणांसह लिहा. तोंडी निरोप पुन्हा आला तर 'टिप्पणीवर आदेश व्हावेत ही विनंती' म्हणा. निरोपाचा जोर लेखी व्हायची वेळ आली की बराच कमी होतो.

राहिला तुमचा दुसरा प्रश्न, किती दिवस. आदेशभंगाची चौकशी नीट लावली तर तीन-चार महिन्यांत संपते. समितीचं तसं सांगता येत नाही. जमातीच्या समित्यांकडे ढीग मोठे आहेत आणि दक्षता पथकाला गाव गाठायचं असतं. दर दोन महिन्यांनी स्मरणपत्र पाठवा, प्रत कर्मचाऱ्याला द्या. वर्षभर हालचाल झाली नाही तर बहुधा तोच उच्च न्यायालयात जाऊन समितीला मुदत घालून घेईल. तो गेला नाही, तर कार्यालयानेही तसं जाता येतं; मी एका प्रकरणात लावून पाहिलंय, सहा महिन्यांची मुदत मिळाली आणि समितीने पाचव्या महिन्यात निकाल दिला.